भूतकाळ आणि भविष्यकाळ ‘आत्ता’ही अस्तित्वात असतात, असं मानणारं एखादं भारतीय दर्शन आहे का?

हो, सर्वास्तिवादी बौद्ध नेमकं हेच मानत. काश्मीर आणि गांधारमध्ये त्यांचा मोठा दबदबा होता.

त्यांची मुख्य अडचण कर्माची होती. काल केलेलं कर्म संपलं, नाहीसं झालं, तर त्याचं फळ उद्या मिळणार कशातून? शिवाय गेलेली गोष्ट आठवते, म्हणजे त्या ज्ञानाला काहीतरी विषय हवाच. म्हणून तिन्ही काळांतले धर्म (म्हणजे अस्तित्वाचे मूळ घटक) खरे आहेत, असं ते म्हणत.

मग तिन्हींत फरक काय? यावर त्यांच्यातच चार मतं होती. मला सगळ्यांत आवडतं ते वसुमित्राचं. मोजणीची गोटी एककाच्या घरात ठेवली तर एक, शतकाच्या घरात ठेवली तर शंभर. गोटी मात्र तीच. तसंच धर्माचं. अजून कार्य करायचं आहे तो भविष्य, करतो आहे तो वर्तमान, करून थांबला तो भूत.

बौद्ध आचार्य वसुबंधूने आपल्या ‘अभिधर्मकोश’ या ग्रंथाच्या पाचव्या प्रकरणात चौघांत वसुमित्राचंच मत उजवं ठरवलं आणि मग सौत्रांतिकांच्या (फक्त वर्तमानच खरा मानणाऱ्या बौद्धांच्या) बाजूने त्यालाच घेरलं: धर्म कायमच आहे, तर त्याचं कार्य मधेच अडवतं कोण? आणि कार्य धर्माहून वेगळं नसेल, तर तेही कायमच असायला हवं ना?

मला हा आक्षेप बिनतोड वाटतो. पण कर्माचा प्रश्न त्याने सुटत नाही. वसुबंधूला त्यासाठी चित्तसंततीत (मनाच्या अखंड प्रवाहात) टिकणाऱ्या ‘बीजा’ची कल्पना घ्यावी लागली. मूळ वाचायचं असेल तर थेट पाचवं प्रकरणच उघडा.