मुलाला हिरो व्हायचंच नाहीये

प्रश्न : माझा मुलगा टी.वाय.बी.कॉम.ला आहे. 'पुरुषोत्तम' करंडक या आंतरमहाविद्यालयीन स्पर्धेतल्या एकांकिकेत त्याने सत्तरीतले पेन्शनर आजोबा केले, खूप कौतुक झालं. आता त्याला मालिकांमध्ये चरित्र भूमिका, म्हणजे हिरो सोडून आजोबा-मामा अशी माणसं, करायच्या आहेत. यांचं म्हणणं, 'नट व्हायचं तर हिरो हो, नाहीतर सीए कर.' यांनी दीड लाखाचं एक पॅकेज ठरवलंय : जिम, फोटो आणि मालिकेत हमखास काम. वर्षभरात काम मिळालं नाही तर विषय बंद. मुलगा हल्ली गप्प गप्प असतो. काय करावं? - एक आई, सिंहगड रस्ता, पुणे

उत्तर : ताई, करिअरचा प्रश्न मला नंतर दिसला. आधी दिसलं ते 'गप्प गप्प असतो'. मुलगा म्हणतोय, मला तऱ्हेतऱ्हेची माणसं उभी करायचीत. वडील म्हणताहेत, दंड कमाव. दीड लाख मोजायची तयारी आहे म्हणजे माया आहे, वादच नाही. पण ते पैसे यांच्या मनातल्या हिरोवर खर्च होणार आहेत, तुमच्या मुलावर नाही. त्यात वर्षाची मुदत! सीए फायनलला पोरं चार-चार अटेम्प्ट देतात, तेव्हा कुठल्या घरात 'विषय बंद' म्हणतात? यांनी ती एकांकिका पाहिली का, हे तुम्ही लिहिलेलं नाही. नसेल पाहिली, तर पुढचा प्रयोग बघेपर्यंत त्यांनी या विषयावर बोलू नये, असं माझं नाव सांगून सांगा.

हिरो व्हायचं राहून गेलं की माणूस चरित्र नट होतो, हा समज घराघरात आहे. दिलीप प्रभावळकरांचं काय राहून गेलं होतं? दूरदर्शनवर तिशीतला चिमणराव, २००१मध्ये 'श्रीयुत गंगाधर टिपरे'तले आबा, मोठ्या पडद्यावर तात्या विंचू आणि गांधीजीही. यातला एक चेहरा दुसऱ्याला ओळख देणार नाही. मालिकेचा हिरो मालिका संपली की बऱ्याचदा विस्मरणात जातो. सासरा, मामा, वकील करणारा माणूस मात्र पुढच्या मालिकेत दिसतोच.

आता थोडं मुलाला. आजोबांना टाळी मिळाली म्हणून टीव्हीवर आजोबा मिळतील, असं समजू नकोस. नाट्यगृहात दहाव्या रांगेतून पांढरा विग आणि वाकलेली पाठ खपून जाते. मालिका क्लोजअपवर चालते. तिथे विगची कड दिसते आणि विशीतला गळा लपत नाही. शिवाय रोज एपिसोड द्यायचा असताना तुझ्या मेकअपला दोन तास कोण थांबणार? सत्तरीतला नट फोन केला की येतो. तुझ्या वाट्याला आधी हवालदार, कुरिअरवाला, हिरोचा मित्र येईल. दोन दिवसांचं काम, चार वाक्यं. त्या चार वाक्यांत हवालदार कुठल्या गावचा हे कळलं पाहिजे. तुला फक्त पेठेतलं मराठी येत असेल तर अवघड आहे. स्वारगेटला सांगली-सोलापूरच्या गाड्यांपाशी तासभर उभा राहा, कान उघडे ठेव. वऱ्हाडी, मालवणी बोलणारे मित्र कॉलेजात असतीलच.

अभिनयाच्या शिक्षणाचं म्हणाल तर पुणे विद्यापीठाचं ललित कला केंद्र, पुण्यातलीच एफटीआयआय ही चित्रपट-टीव्हीची संस्था, दिल्लीची एनएसडी म्हणजे राष्ट्रीय नाट्य विद्यालय. सगळीकडे प्रवेशासाठी निवड चाचणी असते आणि एकांकिकांचा अनुभव कामी येतो.

पैशांचं स्पष्ट सांगतो. छोट्या भूमिकांना दिवसाप्रमाणे मानधन मिळतं आणि ते हातात पडायला अनेकदा तीन महिने लागतात. ट्रॅक, म्हणजे कथेतला तुझ्या पात्राचा धागा, संपला की काम संपलं, आधी कोणी कळवेलच असं नाही. म्हणून बी.कॉम. नीट पूर्ण कर. सीएची आर्टिकलशिप, म्हणजे सीएच्या हाताखालची सक्तीची उमेदवारी, तालमी खाऊन टाकेल, पण अकाउंट्सचं अर्धवेळ काम आणि जीएसटीची रिटर्नं भरता येणारा नट घरभाड्यासाठी वाट्टेल ती भूमिका पत्करत नाही. मुंबईला लगेच खोली घ्यायची गरज नाही. पहिली ऑडिशन हल्ली बहुतेक वेळा मोबाइलवर शूट करून पाठवता येते.

राहता राहिलं पॅकेज. ताई, मालिकेत 'हमखास काम' कोणी देऊ शकत नाही. कास्टिंगचे पैसे निर्माता देतो; नटाकडे मागणाऱ्यापासून चार हात लांब राहावं. पैसे भरले नसतील तर भरू नका. भरले असतील तर ती हमी लेटरहेडवर सही-शिक्क्यानिशी मागा. द्यायला टाळाटाळ झाली की त्याच दिवशी लेखी अर्ज देऊन पैसे परत मागा, आणि अर्जावर पोच घ्यायला यांनाच पाठवा.