वाचकांचे प्रश्न : मेक्सिको-पेरूचा इतिहास वाचताना

मेक्सिको आणि पेरूमधले मूळ समाज आणि त्यांच्यावर आलेला स्पॅनिश अंमल, या विषयावरची पुस्तकं वाचणाऱ्यांचे प्रश्न या वेळी घेतले आहेत.

प्रश्न : एका पुस्तकात वाचलं की मेक्सिकोतला अॅझ्टेक राजा मोक्तेसुमा याने स्पॅनिश सेनानी कोर्तेसला परत आलेला देव मानलं आणि त्यापायी राज्य घालवलं. दुसऱ्या पुस्तकात ही सगळी दंतकथा ठरवली आहे. दोघेही लेखक नावाजलेले. खरं कोणाचं मानायचं?

उत्तर : लेखकाचं नाव बाजूला ठेवा आणि त्या वाक्याखाली कोणता कागद आहे ते तळटीपेत शोधा. कागद सापडला की समासात तीन तारखा लिहा : घटना कधीची, लिहिली कधी, छापली कधी.

इथे ते करून पाहू. मोक्तेसुमा आणि कोर्तेस यांची भेट झाली ८ नोव्हेंबर १५१९ला. कोर्तेसने तिचं वर्णन राजाला लिहिलेल्या पत्रात केलं, त्यावर तारीख आहे ३० ऑक्टोबर १५२०. ते छापलं गेलं १५२२मध्ये, स्पेनमधल्या सेव्हिलला. भेट आणि पत्र यांच्यामधल्या वर्षात काय झालं ते महत्त्वाचं आहे. ३० जून १५२०च्या रात्री स्पॅनिश सैन्याला मोक्तेसुमाच्या राजधानीतून, टेनोच्टिट्लानमधून, मार खाऊन पळावं लागलं होतं. शिवाय क्युबाचा गव्हर्नर दिएगो वेलास्केस याला न जुमानता कोर्तेस ही मोहीम चालवत होता, म्हणजे कायद्याच्या दृष्टीने तो अडचणीत होता. मोक्तेसुमाने राज्य आधीच राजीखुशीने स्पेनच्या राजाच्या पायाशी ठेवलं होतं असं दाखवता आलं, तर शहरातला उठाव 'बंड' ठरतो आणि शहर परत घेणं रीतसर ठरतं. पत्रातलं मोक्तेसुमाचं भाषण नेमकं हेच काम करतं.

आता भाषण नीट वाचा. आमचे पूर्वज बाहेरून आले, त्यांना आणणारा धनी परत गेला, त्याचे वंशज येतील असं आम्ही ऐकत आलो, असं मोक्तेसुमा म्हणतो. परत येणारा म्हणतात त्या देवाचं, केट्सालकोआट्लचं, नाव त्यात कुठेही नाही. कोर्तेस देव आहे असंही नाही. उलट आपलं अंग दाखवून 'मीही तुमच्यासारखाच हाडामांसाचा' असं तो सांगतो. देवाची गोष्ट पुढच्या दशकांत वाढत गेली. तिची भरलेली आवृत्ती साहागून या फ्रान्सिस्कन पाद्र्याच्या बारा भागांच्या हस्तलिखितात येते. त्यातला विजयाचा भाग १५५०च्या दशकात गोळा झाला, आणि नाव्हाट्ल (अॅझ्टेकांची भाषा) व स्पॅनिश अशा दोन रकान्यांची प्रत १५७७च्या सुमारास पुरी झाली. माहिती सांगणारे प्रामुख्याने त्लातेलोल्कोचे होते. टेनोच्टिट्लानच्या या जुळ्या शहराचा मोक्तेसुमावर राग होता, त्यामुळे त्यांच्या सांगण्यात राजा घाबरट दिसतो.

इथे बरेच वाचक दुसऱ्या टोकाला जातात आणि सगळी साधनं खोटी म्हणून मोकळे होतात. ती मोठी चूक आहे. त्याच हस्तलिखितात देवीच्या साथीचं आणि वेढ्यातल्या उपासमारीचं जे वर्णन आहे, तितकं जवळून कोणीच लिहिलेलं नाही. कोर्तेसचं पत्र मोक्तेसुमाच्या मनाबद्दल कच्चं आहे, पण कोर्तेसला राजाकडून काय हवं होतं याबद्दल त्याच्याइतका पक्का पुरावा नाही. कोणत्या मुद्द्यासाठी कोणता कागद चालतो हे ज्या पुस्तकात सांगितलेलं असेल, ते हाताशी ठेवा.

प्रश्न : स्पॅनिश विजयापूर्वी मेक्सिकोची लोकसंख्या कुठे ४५ लाख, कुठे अडीच कोटी दिलेली असते. इतका फरक कसा पडतो? कोणीतरी मुद्दाम फुगवलं आहे का?

उत्तर : मुद्दाम फुगवण्याची गरज पडत नाही, गुणाकारच तेवढं करतो. आधी प्रदेश तपासा. आंखेल रोझेनब्लाट यांचे ४५ लाख हे पूर्ण मेक्सिकोचे आहेत. शेरबर्न कुक आणि वुडरो बोरा यांनी १९६३मध्ये मांडलेले २ कोटी ५२ लाख फक्त मध्य मेक्सिकोचे आहेत. म्हणजे फरक दिसतो त्याहूनही मोठा आहे.

मग आकडा कशातून काढला ते पाहा. कुक आणि बोरा यांनी खंडणीच्या चित्रयाद्या वापरल्या. अशी सर्वांत प्रसिद्ध यादी कोडेक्स मेंडोसा या हस्तलिखितात आहे. ते १५४०च्या दशकाच्या सुरुवातीचं मानतात आणि आज ऑक्सफर्डला बॉडलियन ग्रंथालयात आहे. त्यातली चिन्हं वाचायला सोपी आहेत : झेंडा म्हणजे २०, पिसासारखी खूण म्हणजे ४००, धुपाची पिशवी म्हणजे ८,०००. वस्त्राच्या चित्रावर पिसाची खूण असेल तर ४०० वस्त्रं.

चित्र वाचलं, पण हिशोब इथेच फाटे फोडतो. शेजारच्या स्पॅनिश टिपेत ४०० 'ओझी' असं लिहिलेलं असतं, आणि एक ओझं म्हणजे २० वस्त्रं. मग ती ४०० की ८,०००? दुसरा फाटा : या हस्तलिखितात कापडाची खंडणी दर सहा महिन्यांनी दिलेली आहे, दुसऱ्या साधनांत दर ८० दिवसांनी, म्हणजे वर्षातून साधारण साडेचार वेळा. आता वर्षाचा हिशोब करा. सुटी वस्त्रं आणि सहामाही हप्ता धरला तर ८००. ओझी आणि ८० दिवस धरले तर ३६,०००. चित्र एकच, आकडा ४५ पटींनी वेगळा. पुढे दर कुटुंबाने किती खंडणी दिली असेल, कुटुंबात माणसं किती, खंडणीतून सूट असलेले किती, ही तीन गृहीतकं त्यावर चढतात. प्रत्येकात थोडी चूक असली तरी शेवटी ती एकमेकांना गुणली जाते.

त्यातच, या हस्तलिखिताच्या शेवटी स्पॅनिश टीपा लिहिणाऱ्याने कबुली दिली आहे की जहाजं सुटायला दहाच दिवस उरले असताना मजकूर त्याच्या हाती आला आणि घाईत काम झालं. टिपेतलं 'ओझी' डोळे मिटून घेऊ नये, याला हे चांगलं कारण आहे.

व्यवहारात असं करा : वहीत आकड्यापुढे प्रदेश, वर्ष, साधन आणि गुणक हे चारही लिहा. चारांपैकी एक जरी पुस्तकात मिळत नसेल तर तो आकडा पुढे कुठे वापरू नका. मात्र सुरुवातीच्या आकड्यावर वाद आहे म्हणून संहार झालाच नाही, असा अर्थ कोणी काढत असेल तर तो साफ चुकीचा आहे. १५२०ची देवी, १५४५ आणि १५७६च्या भयंकर साथी, आणि १७व्या शतकाच्या सुरुवातीला मध्य मेक्सिकोत उरलेले सुमारे १० लाख मूळ रहिवासी, हे बऱ्याच भक्कम कागदांवर उभं आहे, कारण तोवर स्पॅनिश करमोजणी नियमित झाली होती.

प्रश्न : एन्कोमिएन्दा म्हणजे जहागीर असं समजून वाचत होतो, पण जमिनीचे उल्लेख जुळेनात.

उत्तर : जुळणार नाहीत. एन्कोमिएन्दात जमीन दिली जात नसे. ठरावीक गावांतल्या लोकांकडून खंडणी आणि, सुरुवातीला, श्रम घेण्याचा हक्क दिला जाई. बदल्यात त्यांचं रक्षण करायचं आणि त्यांना ख्रिस्ती धर्म शिकवायचा अशी अट असे. जमीन कायद्याने गावाचीच राही. १५४२च्या नव्या कायद्यांनी हा हक्क वारसाला देण्यावर बंदी घातली; पेरूत त्यावरून स्पॅनिशांनीच बंड केलं आणि ती बंदी मागे घ्यावी लागली. १५४९मध्ये खंडणीच्या बदल्यात श्रम घेण्याला मनाई झाली. मोठ्या शेतवाड्या, म्हणजे हासिएन्दा, ही वेगळी गोष्ट आहे. त्या जमीन विकत घेऊन, सरकारकडून मिळवून किंवा बळकावून उभ्या राहिल्या.

पोतोसीची (आजच्या बोलिव्हियातली) मिता, म्हणजे सक्तीच्या मजुरीची पाळी, ही तिसरीच. चांदीचा डोंगर स्पॅनिशांना १५४५मध्ये सापडला. पेरूचा व्हाइसरॉय तोलेदो याने १५७०च्या दशकात ठरावीक प्रांतांतल्या प्रौढ पुरुषांपैकी दर वर्षी एक सप्तमांश, म्हणजे साधारण १३,५०० जण, खाणीवर पाठवायचे असा नियम केला. हुकुमाप्रमाणे एक आठवडा काम आणि दोन आठवडे मोकळे. प्रत्यक्षात ठरलेली मजुरी पोटाला पुरत नसल्याने मोकळ्या आठवड्यांतही बरेच जण मजुरी करत. स्पॅनिशांपूर्वीच्या इंका राज्यातही मिता होती, पण तेव्हा राज्य कामकऱ्याला अन्न-पेय पुरवत असे. दोन्ही मिता एकाच परिच्छेदात एकसारख्या मांडणारं पुस्तक सावधपणे वाचा. पोतोसीची मिता १८१२पर्यंत कायद्यात राहिली.

प्रश्न : मूळ लोकांनी स्वतः लिहिलेलं काही उरलं आहे का?

उत्तर : बरंच उरलं आहे, आणि आमच्या मते या विषयातलं सर्वांत मोलाचं वाचन तेच. मेक्सिकोत १६व्या शतकाच्या मध्यापासून नाव्हाट्ल भाषा रोमन अक्षरांत लिहिली जाऊ लागली. मृत्युपत्रं, जमिनीचे व्यवहार, दावे, त्लाश्कालाच्या नगरसभेची १५४७ ते १५६७ची इतिवृत्तं, असं सगळं आहे. मृत्युपत्र वाचताना सुरुवातीचा धार्मिक मजकूर वगळा, तो लेखनिकाचा ठरलेला साचा असतो. घर कोणाला, कोणतं शेत कोणाला, जात्याचा दगड कोणाला, कोणाचं किती देणं, इथून खरा समाज दिसू लागतो.

पेरूचं चित्र वेगळं. इंकांच्या केचुआ भाषेत इतके रोजचे कागद नाहीत. वारोचिरी भागातल्या देव-दंतकथांचं १६०८च्या सुमाराचं हस्तलिखित आहे. मूळ पेरूच्या ग्वामान पोमाने स्पेनच्या राजाला लिहिलेलं सुमारे १,२०० पानांचं पत्र आहे, ३९८ चित्रांसह. १६१५च्या सुमारास पुरं झालेलं हे हस्तलिखित १९०८मध्ये कोपनहेगनच्या राजग्रंथालयात अभ्यासकांच्या नजरेस आलं. ग्रंथालयाने ते पूर्णपणे इंटरनेटवर ठेवलं आहे. मिता आणि पाद्र्यांच्या जुलमाबद्दल तो अतिशय तपशिलाने लिहितो. आपल्या घराण्याच्या थोरवीबद्दल मात्र जपून वाचा, कारण जमिनीच्या दाव्यात तो हरलेला होता. इंकांचे किपू, म्हणजे गाठींच्या दोऱ्या, यांचे आकडे वाचता येतात. लेलंड लॉक यांनी १९१२मध्ये दशमान पद्धत दाखवून दिली. आकड्यांपलीकडचा मजकूर अजून उलगडलेला नाही, त्यामुळे 'किपूतली कथा' सांगणाऱ्या पुस्तकापासून लांब राहा. माया लोकांच्या जुन्या पोथ्या चारच शिल्लक आहेत. १५६२च्या जुलैत मानी इथे दिएगो दे लांदा या पाद्र्याने ज्या जाळल्या, त्यांत काय होतं ते कायमचं गेलं.

प्रश्न : '१ वेत' हे मेक्सिकन वर्ष एका पुस्तकात १५१९, दुसऱ्यात १४६७ दिलं आहे.

उत्तर : दोन्ही बरोबर. १३ आकडे आणि ४ चिन्हं (वेत, गारगोटी, घर, ससा) एकत्र फिरतात, त्यामुळे दर ५२ वर्षांनी तेच नाव येतं. १५१९ '१ वेत', १५२० '२ गारगोटी', १५२१ '३ घर'. संदर्भाशिवाय वर्ष ठरवता येत नाही. आणि १५८२पूर्वीच्या युरोपीय तारखा जुन्या ज्युलियन पंचांगाच्या असतात. त्या तशाच ठेवा, दहा दिवस मिळवू नका.

प्रश्न : ग्रंथालयात दहा मिनिटांत पुस्तक पारखायचं असेल तर?

उत्तर : मागची सूची उघडा आणि 'त्लाश्काला' शोधा. टेनोच्टिट्लान पाडणाऱ्या फौजेत स्पॅनिश शेकड्यांत होते आणि त्लाश्कालाचे व इतर मित्रराज्यांचे योद्धे हजारोंनी. पानं फक्त १५१९ ते १५२१च्या प्रकरणांत असतील, तर हे पुस्तक मूळ लोकांना लढाईपुरतंच बोलावतं. मग हस्तलिखित साधनांची यादी पाहा. सेव्हिलच्या एकाच दफ्तरखान्याचे कागद असतील, तर तुम्हाला प्रामुख्याने अधिकाऱ्यांचं म्हणणं वाचायला मिळेल. मेक्सिको सिटी, लिमा, सुक्रे किंवा प्रांतांतल्या नोटरींचे कागद असतील तर पुस्तक घ्या.

शेवटी विजयाचा शेवट कुठे केला आहे ते पाहा. कोर्तेस किंवा पेरू जिंकणाऱ्या पिसारोबरोबर गोष्ट संपत असेल, तर विल्काबाम्बाचं इंका राज्य १५७२पर्यंत टिकलं आणि इत्सा मायांची राजधानी नोखपेतेन १३ मार्च १६९७ला पडली, हे दोन्ही त्यात येणार नाही. ही दोन नावं सूचीत सापडली तर ते पुस्तक आधी घरी न्या.