नकली केबलने ईसीयूत काही लिहू नका

प्रश्न : मित्राने गाडी तपासायचं क्रॅक केलेलं सॉफ्टवेअर पेन ड्राइव्हवर दिलं, सोबत नकली केबल. इन्स्टॉल करताना अँटीव्हायरस बंद ठेवा, अशी त्यात सूचना होती, तसंच केलं. चेक इंजिनचा दिवा लागलाय आणि दोषाचा कोड वाचता येतोय. याच केबलने ईसीयूचं, म्हणजे इंजिन चालवणाऱ्या कॉम्प्युटरचं, सॉफ्टवेअर अपडेट करू का?

उत्तर : कृपा करून करू नका. कोड वाचणं आणि ईसीयूत लिहिणं यात जमीन-अस्मानाचा फरक आहे. वाचताना केबल अडखळली तर परत जोडून बघता येतं. फ्लॅश करताना, म्हणजे ईसीयूत नवं सॉफ्टवेअर लिहिताना, मात्र आधी जुना प्रोग्रॅम पुसला जातो आणि मग नवा भरला जातो. मध्येच संपर्क तुटला की जुनाही गेला आणि नवाही नाही.

माझ्याकडे अशी एक गाडी टोचन करून आणली होती. स्कॅनर लावला तर गिअरबॉक्स आणि एबीएस ब्रेकचे कंट्रोलर उत्तर देत होते, इंजिनचा ईसीयू गप्प. अपडेट अर्ध्यावर अडकल्याचा फोटो मालकाने मोबाइलवर दाखवला. त्यांची केबल मी उघडली. चिपवरचं नाव घासून काढलेलं, यूएसबीच्या एका तारेचं सोल्डरिंग सुटत आलेलं. वायर जराशी हलवली तरी लॅपटॉपवरून केबल गायब व्हायची. ईसीयू काढून, बेंचवर उघडून पुन्हा भरावा लागला. मालकांचा उतरलेला चेहरा अजून आठवतो, म्हणून इतकं कळकळीने लिहितोय.

अस्सल केबल असली तरी फ्लॅश करताना बॅटरीला स्थिर सप्लाय जोडावाच लागतो. व्होल्टेज पडलं तरी हीच गत होते.

नकली चिपचं आणखी एक सांगतो. 2014 मध्ये यूएसबी चिप बनवणाऱ्या एफटीडीआय कंपनीच्या ड्रायव्हरने तिच्या चिपची नक्कल केलेल्या चिपमधला ओळख क्रमांक शून्य केला होता. विंडोज अपडेटमधून तो ड्रायव्हर आपोआप आला आणि कालपर्यंत चालणाऱ्या केबल कॉम्प्युटरला ओळखू येईनाशा झाल्या.

लॅपटॉपचीही मला काळजी वाटते. अँटीव्हायरस बंद करून टाकलेल्या क्रॅकसोबत काय आत शिरलं, हे तुम्हाला दिसणार नाही. बँकेचे आणि ईमेलचे पासवर्ड आजच, दुसऱ्या यंत्रावरून बदला. त्या लॅपटॉपमधला कामाचा डेटा काढून विंडोज नव्याने टाका.

दिव्याचं म्हणाल, तर कोड अजिबात पुसू नका. पुसला की दोष आला त्या क्षणीचा वेग, आरपीएम, इंजिनचं तापमान ही फ्रीझ फ्रेममधली नोंदही जाते. तुम्ही कोड लिहिलेला नाही. 'पी'पासून पूर्ण कोड आणि ती नोंद कळवा.