बांधावरच्या जांभळाखाली उगवलेली सच्छिद्र अळंबी : बोलेटसऐवजी फ्लेबोपस वंशाचा विचार करावा

आपण फोटोंसह पाठवलेला प्रश्न थोडक्यात असा आहे : रावेर तालुक्यातील शेताच्या बांधावर, जुन्या जांभळाच्या बुंध्यापासून दोन-तीन हातांवर, पहिल्या मोठ्या पावसानंतर गडद तपकिरी रंगाची आणि वीतभर रुंद टोपीची जाड अळंबी उगवली; टोपीखाली पाती नसून बारीक छिद्रांचा पिवळा थर आहे; कापल्यावर पिवळा गर किंचित निळसर झाला; आणि ही युरोपात महाग विकली जाणारी बोलेटस एड्युलिस असेल काय, आणि ती खाता येईल काय. माझ्या मते ती बोलेटस एड्युलिस नाही. हे ठरवताना टोपीच्या रंगापेक्षा, ती कोणत्या झाडाखाली उगवली ही आपण दिलेली माहितीच अधिक उपयोगी पडते.

बोलेटस वंशातील जाती झाडाच्या बारीक मुळांभोवती कवकतंतूंचे आवरण तयार करतात, झाडाकडून शर्करा घेतात आणि मोबदल्यात पाणी व खनिजे पुरवतात. अशी देवाणघेवाण ठरावीक झाडांशीच होते. बोलेटस एड्युलिसला चीड, स्प्रूस, ओक यांसारखी झाडे लागतात, म्हणून आपल्या देशात तिची अपेक्षा हिमालयातील जंगलांत करावी. सातपुड्याच्या खानदेशी उतारांवर, यावल-पालच्या वनांत किंवा तोरणमाळच्या वाटेवर, साग, अंजन, सालई, धावडा आणि खैर यांचे राज्य आहे. सागाच्या मुळांत राहणारी कवके अगदी वेगळ्या गटातील आहेत; ती पेशींच्या आत शिरून काम करतात आणि जमिनीवर अळंबी कधीच धरत नाहीत. सालाच्या झाडाशी मात्र अनेक अळंब्यांचे जमते, आणि छत्तीसगडमध्ये पावसाच्या सुरुवातीला विकला जाणारा बोडा, म्हणजे गोळ्यासारखी अळंबी, हा सालवनातलाच. पण साल सातपुड्याच्या रांगेत पचमढीपर्यंत दिसतो, आपल्या बाजूला तो येत नाही. आपल्याकडे अपवाद करायचा तो लागवडीच्या निलगिरीचा, कारण तिच्याखाली स्क्लेरोडर्मा आणि पिसोलिथस हे गोलाकार कवकांचे वंश हमखास येतात. आपल्या फोटोत निलगिरी कुठेच दिसत नाही.

मग जांभूळ, आंबा किंवा लिंबाखाली उगवणारी, सच्छिद्र, जाडजूड अळंबी कोणती, असा प्रश्न केला की उष्ण प्रदेशातील फ्लेबोपस हा वंश सर्वांत आधी डोळ्यांसमोर येतो.

या वंशाचा इतिहास थोडा गुंतागुंतीचा आहे. लिनिअसने १७५३ मध्ये खालून छिद्रे असलेली जवळजवळ सगळीच कवके, अगदी लाकडावर वाढणारी कडक कवकेसुद्धा, बोलेटस या एकाच नावाखाली घातली होती, आणि पुढची दोन शतके ते गाठोडे सोडवण्यात गेली. ऑस्ट्रेलियातील एका प्रचंड जातीला १८४५ मध्ये बोलेटस मार्जिनेटस हे नाव मिळाले. श्रीलंकेतील जातीला बर्कली आणि ब्रूम या कवकशास्त्रज्ञांनी १८७३ मध्ये बोलेटस पोर्टेन्टोसस म्हटले. रॉजे हाइम यांनी मादागास्करमधील कोलोसस या जातीचा अभ्यास केला आणि तिच्या आधारे रोल्फ सिंगर यांनी १९३६ मध्ये फ्लेबोपस हा स्वतंत्र वंश मानला. श्रीलंकेची जात १९५१ मध्ये या वंशात आली. मधल्या काळात फेओजायरोपोरस हे दुसरे वंशनामही प्रचारात होते, त्यामुळे जुन्या भारतीय नोंदी शोधताना ते नाव वगळू नये. ऑस्ट्रेलियन जात आणि आशियाई जात कित्येक वर्षे एकच समजली जात होती. ऑस्ट्रेलियन जातीचा व्हिक्टोरिया राज्यातील एक नमुना २९ किलो वजनाचा भरल्याची नोंद आहे, त्यामुळे आपली वीतभर टोपी या वंशाच्या मानाने लहानच म्हणावी लागेल.

डीएनएच्या अभ्यासाने आणखी एक गोष्ट उघड केली, जी मला या सगळ्या प्रकरणात सर्वांत रंजक वाटते. फ्लेबोपस दिसतो बोलेटससारखा, पण त्याचे कुळ बोलेटेसी नाही. तो बोलेटिनेलेसी या छोट्या कुळात बसतो, ज्यात त्याच्याखेरीज बोलेटिनेलस हा एकच परिचित वंश आहे, आणि त्याचे जवळचे नातेवाईक म्हणजे वर उल्लेखलेले स्क्लेरोडर्मा, पिसोलिथस आणि बोडा हे गोळे! छिद्रांची रचना पाहून नाते ठरवण्याची पद्धत इथे साफ फसते.

ओळखीची लक्षणे सांगतो. टोपी कोवळेपणी मखमली आणि गडद तपकिरी, शेवाळी तपकिरी किंवा जवळजवळ काळपट असते. वय झाल्यावर ती सपाट होते आणि कोरड्या हवेत तिला भेगा पडतात. छिद्रे पिवळी, पुढे शेवाळी होतात. दांडा भक्कम, खालच्या बाजूला फुगीर असतो. त्यावर कडे नसते आणि जाळीदार नक्षीही नसते. बोलेटस एड्युलिसच्या दांड्यावर वरच्या भागात फिकट जाळी स्पष्ट दिसते, तिची छिद्रे कोवळेपणी पांढरी असतात आणि तिचा पांढरा गर कापल्यावर रंग बदलत नाही. आपल्या वर्णनातील पिवळा गर एवढ्याच कारणाने तिला बाद करतो. सूक्ष्मदर्शकाखाली तर संशयच उरत नाही. बोलेटस एड्युलिसचे बीजाणू लांबट, चातीच्या आकाराचे, साधारण १२ ते १७ मायक्रॉनांचे (मायक्रॉन म्हणजे मिलिमीटरचा हजारावा भाग) असतात, तर फ्लेबोपसचे आखूड, रुंद लंबगोल, गुळगुळीत आणि दहा मायक्रॉनांच्या आतले असतात. शिवाय फ्लेबोपसच्या तंतूंवर पेशींच्या सांध्यापाशी वाकडे जोड आढळतात, आणि बोलेटेसी कुळात ते सहसा नसतात. जवळच्या महाविद्यालयातील वनस्पतिशास्त्र विभागात एवढी तपासणी अर्ध्या तासात होऊ शकते.

आता या वंशाच्या जगण्याविषयी, कारण आपल्या भागात तो कसा तगेल याचे उत्तर तिथेच आहे. फ्लेबोपस मुळांशी कडक करार केल्याशिवाय जगूच शकत नाही असे नाही. प्रयोगशाळेत तो झाडाविना वाढतो, आणि चीनच्या युन्नान प्रांतात फ्लेबोपस पोर्टेन्टोसस पिशव्यांत भुसा-धान्य भरून, वर मातीचा थर देऊन व्यापारी प्रमाणावर घेतला जातो. बोलेटस एड्युलिसच्या बाबतीत असे अजून जमलेले नाही. उत्तर थायलंडमध्ये हीच जात जांभूळ, आंबा, फणस यांच्या खाली पावसाळ्यात गोळा करून बाजारात विकतात. निसर्गात मात्र त्याला एक विलक्षण सोबती असतो : पिठ्या ढेकूण. कपाशीवरच्या पिठ्याने आपल्याकडे काय केले ते वेगळे सांगायला नको, पण त्याचे काही भाऊबंद जमिनीखाली मुळांवर बसून रस शोषतात. फ्लेबोपसचे तंतू अशा ढेकणांभोवती मुळावरच पोकळ गाठ बांधतात. आत ढेकूण ऊन, पाणी आणि मुंग्या-किड्यांपासून सुरक्षित राहतो, आणि त्याच्या शरीरातून बाहेर पडणाऱ्या गोड चिकट स्रावावर कवक पोसते. यजमान झाड कोणत्या कुळातले आहे याला मग फारसे महत्त्व राहत नाही, कारण कवकाचा व्यवहार झाडाशी थेट न होता ढेकणामार्फत होतो. सातपुड्यात साल नाही, ओक नाही, तरी जांभळाखाली अशी अळंबी का येऊ शकते, याचे मला पटणारे स्पष्टीकरण हेच आहे.

याला दुसरी बाजूही आहे. ब्राझीलमध्ये लिंबूवर्गीय झाडांच्या मुळांवर फ्लेबोपस ट्रॉपिकस आणि पिठ्या ढेकूण यांची जोडी जमल्याने झाडे खंगल्याच्या नोंदी आहेत. जळगाव जिल्ह्यात कागदी लिंबू आणि मोसंबीच्या बागा कमी नाहीत. आपल्या बांधालगत लिंबे असतील तर त्यांच्या बुंध्याजवळची माती हलक्या हाताने उकरून मुळांवर तपकिरी-काळ्या गाठी दिसतात का ते पाहावे, आणि एखादी गाठ फोडून आत पांढरे ढेकूण आहेत का तेही पाहावे. गाठी सापडल्या तर ओळखीला मोठाच आधार मिळेल. न सापडल्या तरी फ्लेबोपस बाद होत नाही.

खाण्याबद्दल आपण विचारले आहे. थायलंड आणि युन्नानमध्ये फ्लेबोपस पोर्टेन्टोसस शिजवून आवडीने खातात हे खरे, पण फोटोवरून केलेल्या ओळखीच्या भरवशावर कोणीही अळंबी खाऊ नये, आणि ही तर मुळीच नाही. निळी पडते म्हणजे विषारी, किड्यांनी खाल्ली म्हणजे सुरक्षित, चांदीचे नाणे काळे पडले नाही म्हणजे चालेल, हे तिन्ही ठोकताळे निराधार आहेत. अळंब्या जमिनीतील जड धातू शोषून घेतात, आणि कपाशीच्या शेताच्या बांधावर फवारणीच्या औषधाचा अंश किती पोहोचतो याचाही विचार करावा.

पुढच्या खेपेस एक कोवळी आणि एक पूर्ण वाढलेली अळंबी मुळाशी खणून काढावी, दांड्याचा तळ तोडू नये. टोपी छिद्रांकडून पांढऱ्या कागदावर रात्रभर झाकून ठेवली की बीजाणूंचा ठसा मिळतो. तो शेवाळी तपकिरी यायला हवा. उभा काप घेऊन लगेच आणि दहा मिनिटांनी असे दोन फोटो काढावेत. उरलेले तुकडे चाळीस-पंचेचाळीस अंशांच्या उबेत कडकडीत वाळवून कागदी पाकिटात ठेवावेत. फॉर्मालिनमध्ये बुडवल्यास डीएनए तपासणी अवघड होते. पाकिटावर तारीख, गाव, झाडाचे नाव आणि बुंध्यापासूनचे अंतर लिहावे. पुण्याच्या आघारकर संशोधन संस्थेत कवकांचा राष्ट्रीय संग्रह आहे. तिथे आधी पत्राने विचारणा करून नमुना पाठवता येईल, आणि मुळावरची गाठ मिळाल्यास तीही मुळाच्या तुकड्यासह त्याच पाकिटाबरोबर वेगळी बांधून द्यावी.