जुने नेपाळी पिक्चर इतके उदास का असतात? आणि बघायला सुरुवात कुठून करू?

सुरुवात 'कुसुमे रुमाल'पासून करा, 1985चा, तुलसी घिमिरेंचा. आता उदास का ते सांगते.

मी पोखऱ्याला एमबीबीएस करत होते, 2009च्या हिवाळ्यात तिथं दिवसाला 16-16 तास लोडशेडिंग. एका संध्याकाळी घरबेटी आमांनी, म्हणजे आमच्या घरमालकीणबाईंनी, सीडीवर हाच पिक्चर लावला आणि ऐन मध्यात लाइट गेली. मग उरलेली गोष्ट त्यांनीच मेणबत्तीत सांगितली, भुवन केसी, तृप्ती नाडकर आणि उदित नारायण (हो, तोच आपला गायक) असा तिघांच्या प्रेमाचा गुंता, आणि मध्येमध्ये गाणी म्हणून दाखवत होत्या. एका गाण्याला अडल्या. म्हणाल्या, "छोरी, हा आला तेव्हा बूढा सुट्टीवर होता, दोघांनी हॉलमध्ये जाऊन पाहिलेला हा एकच." बूढा म्हणजे नवरा. तो लाहुरे, म्हणजे परक्या फौजेतला शिपाई, आपल्याकडच्या गोरखा पलटणीत, वर्षातून एकदा घरी. लाहुरे शब्द लाहोरवरून आलाय, रणजितसिंहाच्या फौजेत भरती व्हायला डोंगरातली पोरं तिकडे जायची. नेपाळात बनलेला पहिला पिक्चर 'आमा' (1964), त्यातही सुट्टीवर घरी आलेला सैनिकच आहे. ज्या डोंगरात माणूस येतो तोच परत जाण्यासाठी, तिथली प्रेमकथा हसरी कुठून होणार?

आमचे भाऊजी दर दिवाळीत म्हणतात, "ती हिंदीची गरीब कॉपी गं." साफ चूक. 'माइतीघर' (1966), म्हणजे आपलं माहेर, त्याला संगीत जयदेवांचं आणि लता, आशा, उषा तिघी बहिणी त्यात गायल्यात, तेव्हा मुंबईचा हात होता हे मान्यच. पण 'कुसुमे रुमाल'चे संगीतकार रणजित गजमेर, मूळ दार्जिलिंगचे, हेच पंचमदांकडे, म्हणजे आर. डी. बर्मनकडे, मादल (नेपाळी ढोलकी) वाजवायचे, तिथं त्यांना सगळे कांचाच म्हणायचे. ज्या पंचमच्या गाण्यांवर भाऊजी जीव टाकतात त्यातला पहाडी ठेका या माणसाच्या हातचा आहे, मग कोणी कोणाकडून घेतलं?

मारामाऱ्या आणि विनोदी पात्रं मात्र हिंदीवरूनच उचललीत, तो भाग मीही पुढे ढकलते. नेटवरच्या प्रिंटही फिकट आहेत. हेडफोन लावून बघा, मादल नीट ऐकू येतो.