मॅपवर ठिपके तर दिसतात, पुढे काय?

मागच्या अंकात अर्ध्या पानात लिहिलं होतं की पोलीस आता जुन्या तक्रारी कॉम्प्युटरच्या मॅपवर टाकून (जागेची माहिती अशी मॅपवर मांडून तपासायच्या सिस्टिमला जीआयएस म्हणतात) गस्त कुठे घालायची ते ठरवतात, बस एवढंच, आणि त्यावर इतकी पत्रं आणि मेल आले की यावेळचा अख्खा कॉलम त्यालाच दिलाय. सारखे प्रश्न एकत्र केलेत, आणि नावं कुणाचीच टाकली नाहीयेत कारण काहींनी स्वतःच्या घरातल्या चोरीबद्दल लिहिलंय.

प्रश्न: ताई, पोलीस स्टेशनच्या भिंतीवर पिना टोचलेला नकाशा आधीपासून असायचाच की. मग जीआयएस जीआयएस म्हणून एवढं कौतुक कसलं? तेच कॉम्प्युटरवर आणलं, एवढंच ना?

कौतुक जरा जास्त होतं हे मान्य, पण तेच नाहीये ते. आधी हे सांगते की ही आयडिया बरीच जुनी आहे. फ्रान्सने १८२५ पासून देशभरातल्या कोर्टांतून गुन्ह्यांचे आकडे गोळा करायला सुरुवात केली, आणि १८२९ मध्ये आंद्रे-मिशेल गेरी हा वकील आणि आद्रियानो बाल्बी हा भूगोलवाला, दोघांनी मिळून त्यावरून नकाशे छापले, माणसांवरचे गुन्हे एकात, मालमत्तेचे दुसऱ्यात आणि शिक्षण तिसऱ्यात. तेव्हा सगळे धरून चालले होते की अडाणी भागात गुन्हे जास्त असणार, आणि नकाशे शेजारी शेजारी ठेवल्यावर दिसलं भलतंच, चोऱ्यामाऱ्या उत्तरेकडे जास्त, म्हणजे जिथे लोक जास्त शिकलेले तिथेच! नुसत्या आकड्यांच्या तक्त्यात हे कुणाच्या डोळ्यात भरलं नसतं.

आता पिनांचं. एकाच कोपऱ्यावर वीस चोऱ्या झाल्या तर एकाच भोकात वीस पिना बसत नाहीत, जागा कमी पडली की जुन्या पिना काढायच्या म्हणजे मागचं सगळं गेलं, आणि मुख्य म्हणजे पिन बघून गुन्हा किती वाजता झाला ते कळत नाही. न्यूयॉर्कच्या सबवे, म्हणजे भुयारी रेल्वेच्या पोलिसांत जॅक मेपल नावाचा अधिकारी होता, त्याने भिंतीवर ५५ फूट जागेत सगळी स्टेशनं काढली आणि लूटमार झाली की तिथे रंगीत खडूने मार्क करायचा. तोच पुढे १९९४ मध्ये कमिशनर विल्यम ब्रॅटनबरोबर शहर पोलिसांत आला आणि कॉम्पस्टॅट सुरू झालं, म्हणजे मीटिंगला मॅप स्क्रीनवर आणि त्या भागाचा अधिकारी सगळ्यांसमोर उभा, सांगा साहेब इथे हे का वाढतंय आणि तुम्ही काय केलंत. (आकडे खाली दिसावेत म्हणून मोठा गुन्हा छोटा करून लिहितात अशा तक्रारीही मग तिथे झाल्या, तो भाग कौतुकाच्या लेखांत सहसा नसतो.)

जीआयएसमध्ये खरी गंमत लेयर्सची आहे. फक्त मोबाईल हिसकावण्याच्या तक्रारी, फक्त शनिवार, रात्री दहा ते दोन, असं मागितलं की तेवढेच ठिपके राहतात, मग त्यावर बसस्टॉप टाका, बार टाका, बंद पडलेले दिवे टाका, आणि बघा काय कशाला चिकटून बसलंय. वेळेचं पण एक भारी प्रकरण आहे. समजा संध्याकाळी सातला गाडी लावली आणि सकाळी सातला जागेवर नाही, तर चोरी कधीची लिहायची? बरेच जण सकाळी सात लिहून मोकळे होतात आणि मग मॅप म्हणतो की चोर सकाळी सातला फिरतात! त्यापेक्षा त्या बाराही तासांना एकेक बारांश गुन्हा वाटून द्यायचा, ऐकायला येडपट वाटतं, पण अशा शंभरेक गाड्या एकत्र केल्या की रात्रीचे कुठले तास जड आहेत ते दिसायला लागतं.

प्रश्न: ऑनलाइन एक क्राइम मॅप बघितला, त्यात आमचा अख्खा एरिया लाल! घरात सगळे म्हणतायत घर बदलूया. खरंच एवढं डेंजर असतं का?

थांबा, सामान बांधू नका. तो लाल रंग कसा येतो ते आधी समजून घ्या. प्रत्येक ठिपक्याभोवती एक गोल धरतात, त्या गोलात मध्यभागी जास्त आणि कडेला कमी असं वजन पसरवतात, आणि सगळ्या गोलांची बेरीज रंगात दाखवतात. गोल किती मोठा धरायचा हे सॉफ्टवेअर चालवणारा ठरवतो. शंभर मीटर धरला तर दोन-तीन कोपरे लाल दिसतात, एक किलोमीटर धरला तर तोच डेटा आणि अख्खा वॉर्ड लाल. हे मी मुद्दाम सांगतेय कारण टीव्हीवर किंवा फॉरवर्डमध्ये जो मॅप येतो त्यात हा आकडा कधीच लिहिलेला नसतो.

दुसरं, गर्दी. स्टेशन, मार्केट, मोठा चौक इथे दिवसाला हजारो लोक येतात, मग तिथे खिसे कापले जाणारच, पण तिथून जाणाऱ्या एकेका माणसाला धोका किती हे काढायला तक्रारींना माणसांनी भागायला पाहिजे, आणि तेही तिथे राहणाऱ्यांच्या नाही तर तिथून वावरणाऱ्यांच्या संख्येने, जी सहसा कुणाकडे नसते. म्हणून मार्केटं कायम लाल.

आणि तिसरं मला सगळ्यात महत्त्वाचं वाटतं. १९८९ मध्ये अमेरिकेतल्या मिनियापोलिसचा एक अभ्यास आला, लॉरेन्स शर्मन आणि त्याच्या सहकाऱ्यांचा. शहरातल्या सव्वा लाखाच्या आत-बाहेर पत्त्यांवरून पोलिसांना एका वर्षात तीन लाखांवर कॉल गेले होते, आणि त्यातले निम्मे कॉल फक्त ३ टक्के पत्त्यांवरून होते. नंतर डेव्हिड वाइसबर्डच्या टीमने सिएटलमध्ये १४ वर्षांचा डेटा रस्त्याच्या तुकड्यांप्रमाणे, म्हणजे एका चौकापासून पुढच्या चौकापर्यंत, असा लावला, तर दरवर्षी साधारण ५ टक्के तुकड्यांवर निम्मे गुन्हे. म्हणजे ज्याला आपण सरसकट ‘खराब एरिया’ म्हणतो त्यातल्या बऱ्याचशा गल्ल्यांत काहीच होत नसतं, आणि चांगल्या म्हणवणाऱ्या भागातही एखादा तुकडा सडलेला असतो. लाल रंग ही सगळी बारीक माहिती पुसून टाकतो.

ठिपका बरोबर जागी आहे का हाही वेगळाच घोळ. पत्ता नीट जुळला नाही तर काही सिस्टिम तो ठिपका भागाच्या मधोमध टाकून देतात, नाहीतर थेट पोलीस स्टेशनच्याच पत्त्यावर, मग कागदोपत्री सगळ्यात डेंजर जागा पोलीस स्टेशन! इंटरनेटच्या पत्त्यांचं तर याहून वाईट झालं होतं. अमेरिकेतल्या एका कंपनीने ज्या आयपी पत्त्यांचं ‘अमेरिकेत कुठेतरी’ एवढंच माहीत होतं ते सगळे देशाच्या मधोमध एका बिंदूवर टाकले, तो बिंदू निघाला कॅन्ससमधल्या एका शेतघराजवळ, आणि तिथल्या लोकांच्या दारात वर्षानुवर्षं पोलीस आणि चिडलेले लोक येत राहिले. ब्रिटनच्या पोलिसांनी २०११ मध्ये गल्लीवार मॅप सगळ्यांना खुला केला तेव्हा तर ठिपके मुद्दामच सरकवले, ज्याच्या घरी चोरी झाली त्याचं घर कळू नये म्हणून ठिपका रस्त्याच्या मध्यावर किंवा जवळच्या पार्किंगवर नेऊन ठेवतात. तेव्हा तुमच्या दारासमोरचा ठिपका तुमच्या दारासमोरचा असेलच असं नाही. झूम करा, गुन्ह्याचा प्रकार बघा, तारखा बघा, मग काय ते ठरवा.

प्रश्न: पोलीस एका कोपऱ्यावर उभे राहिले की चोर पुढच्या गल्लीत जाणार. मग उपयोग काय, डोकेदुखी इकडून तिकडे!

सगळ्यांना असंच वाटतं आणि पोलिसांनाही बरीच वर्षं असंच वाटायचं. अमेरिकेतल्या जर्सी सिटीमध्ये हे मुद्दाम तपासलं, दोन हॉटस्पॉटवर, म्हणजे जिथे गुन्हे दाटून होतात अशा जागांवर, कारवाई केली आणि आजूबाजूच्या पट्ट्यांत काय होतं ते मोजलं, २००६ मध्ये ते छापून आलं. गुन्हे शेजारी सरकले नाहीत, उलट शेजारीही थोडे कमी झाले. तिथे बेकायदा धंदा करणाऱ्यांशी बोलल्यावर कारण कळलं, नवीन जागेवर आधीच दुसऱ्या कुणाचा कब्जा असतो, नेहमीचं गिऱ्हाईक तिथे येत नाही, पळायच्या वाटा माहीत नसतात. गुन्हेगारही सवयीचाच माणूस की. कुठेच कधीच सरकत नाही असं म्हणत नाहीये, पण ‘सरकणारच’ हे गृहीत धरून गप्प बसणं चूक.

गस्त मात्र कशी घालता त्यावर आहे. अमेरिकेतल्याच कॅन्सस सिटीत १९७२-७३ मध्ये काही भागांत नेहमीची फिरती गस्त बंद केली, काहींत दुप्पट-तिप्पट केली, तर गुन्ह्यांत म्हणावा असा फरक पडला नाही, लोकांच्या लक्षातही आलं नाही. म्हणजे गाडी नुसती इकडून तिकडे फिरवून काही होत नाही. त्याउलट नेमक्या कोपऱ्यावर जाऊन दहा-पंधरा मिनिटं थांबलं तर निघून गेल्यावरही काही वेळ असर टिकतो, त्याहून जास्त थांबलं तर फायदा वाढत नाही, हे मिनियापोलिसच्याच डेटावरून ख्रिस्तोफर कोपरने १९९५ मध्ये दाखवलं. आणि काही ठिकाणी पोलीस लागतच नाहीत. लिव्हरपूलमध्ये घरांच्या मागच्या बोळांतून घरफोड्या व्हायच्या, तिथे बोळांना गेट बसवून चाव्या रहिवाशांना दिल्या, घरफोड्या चांगल्याच कमी झाल्या. मॅपने बोळ दाखवला, काम वेल्डरने केलं.

प्रश्न: शेजारच्या बिल्डिंगमध्ये घरफोडी झाली. मिस्टर म्हणतात आता चोर परत इकडे फिरकायचा नाही, पोलीस येऊन गेलेत. खरं आहे का?

मिस्टरांना सांगा, उलटं आहे. इंग्लंडच्या मर्सीसाइड भागात शेन जॉन्सन आणि केट बोअर्स यांनी तपासलं तेव्हा एका घरफोडीनंतर साधारण ४०० मीटरच्या आत एक-दोन महिने धोका वाढलेला दिसला. त्याच चोराला आता तो भाग माहीत झालेला असतो, दारं कशी आहेत, दुपारी कोण नसतं वगैरे. कुलपं आणि खिडक्या आत्ताच बघून घ्या, पुढच्या महिन्यात नको.

प्रश्न: मॅपवरून गुन्हेगार कुठे राहतो ते पण शोधता येतं म्हणे. हे जरा फिल्मी वाटतं.

वाटतं खरं, पण गणित आहे. माणूस घरापासून जितका लांब तितके गुन्हे कमी, पण अगदी घराजवळही तो करत नाही कारण ओळखीचं कुणी बघेल, म्हणजे घराभोवती एक रिकामं कडं राहतं. हे दोन्ही धरून किम रॉस्मो या कॅनडातल्या व्हँकुव्हरच्या पोलिसाने १९९५ मध्ये पीएचडी केली आणि त्यातून सॉफ्टवेअर आलं. ते पत्ता देत नाही, कुठून शोधायला सुरुवात करा त्याचा क्रम देतं. एकाच माणसाचे चार-पाच तरी गुन्हे हातात पाहिजेत, आणि तो मुळात तिथलाच पाहिजे, लांबून येऊन करणारा असेल तर सगळं फसतं.

त्याच्या आधीचा किस्सा जास्त भारी आहे. इंग्लंडमध्ये यॉर्कशायर रिपर प्रकरणात, म्हणजे यॉर्कशायर भागात बायकांवर हल्ले करून खून करणाऱ्याच्या तपासात, पोलिसांना ‘मीच तो’ म्हणणारी एक टेप आली होती, बोलणाऱ्याची बोली यॉर्कशायरच्या बाहेरची, सुंदरलँडकडची, आणि सगळा तपास त्या बोलीच्या मागे लागला. १९८० च्या शेवटी स्टुअर्ट काइंड या फॉरेन्सिकवाल्याने हल्ल्यांच्या जागांचा मध्य काढला, शिवाय बघितलं की रात्री जितका उशीर तितका हल्ला घराजवळ असणार कारण याला घरी परतायचंय, आणि म्हणाला यॉर्कशायरमधल्याच ब्रॅडफर्डच्या आसपास बघा. जानेवारी १९८१ मध्ये तो खुनी, पीटर सटक्लिफ, सापडला, मॅपमुळे नाही, गाडीच्या खोट्या नंबरप्लेटमुळे, पण राहायला ब्रॅडफर्डलाच होता. टेप बनावट निघाली.

प्रश्न: मग एआयलाच सांगायचं ना उद्या गुन्हा कुठे होणार ते, एवढी डोकेफोड कशाला?

करून झालंय. प्रेडपॉल नावाचं सॉफ्टवेअर भूकंपानंतरच्या धक्क्यांचं गणित गुन्ह्यांना लावून रोज साधारण दीडशे मीटरचे चौकोन काढून द्यायचं. कॅलिफोर्नियातलं सांताक्रूझ हे ते वापरणाऱ्या पहिल्या शहरांपैकी, आणि २०२० मध्ये त्याच शहराने असल्या भाकितांवर बंदी घातली, लॉस एंजेलिस पोलिसांनीही त्याच वर्षी ते सोडलं. लोचा असा की सॉफ्टवेअर गुन्हे शिकत नाही, नोंदी शिकतं. २०१६ मध्ये क्रिस्टियन लम आणि विल्यम आयझॅक यांनी कॅलिफोर्नियातल्याच ओकलंड शहराच्या पोलिसांकडच्या ड्रग्जच्या नोंदी घेऊन तेच गणित चालवून बघितलं, तर ते पुन्हा पुन्हा गरीब आणि कृष्णवर्णीय वस्त्यांकडेच बोट दाखवायला लागलं, जिथे पोलीस आधीपासूनच जास्त जात होते, आणि सर्व्हेवरच्या अंदाजाप्रमाणे ड्रग्ज घेणारे मात्र शहरभर पसरलेले. पोलीस जिथे जातात तिथे नोंद होते, नोंद झाली म्हणून परत तिथेच पाठवतात. घरफोडी-गाडीचोरीला हे त्यातल्या त्यात बरं चालतं कारण तिथे तक्रार लोक स्वतः करतात. ड्रग्ज, किरकोळ दंगामस्ती याला अजिबात लावू नये असं माझं स्पष्ट मत आहे.

प्रश्न: भूगोलाच्या प्रोजेक्टसाठी सायकल चोऱ्यांचा मॅप करायचाय, मी तिसऱ्या वर्षाला आहे. कुठून सुरू करू?

क्यूजीआयएस फुकट आहे, ते घे. पण सॉफ्टवेअर उघडायच्या आधी एक्सेलमध्ये नीट बस, तारीख वेगळ्या कॉलममध्ये, ‘शेवटची कधी बघितली’ आणि ‘नाही हे कधी कळलं’ हे दोन वेगळे कॉलम, पत्त्याचं स्पेलिंग एकसारखं. पत्ते मॅपवर बसवल्यावर किती बसले ते मोज, ८५ टक्क्यांच्या खाली असतील तर मॅपवर विश्वास ठेवू नकोस आणि न बसलेले पत्ते हाताने शोध, बऱ्याचदा सगळे एकाच भागातले निघतात. कुणाचं नाव, घर नंबर सबमिट करायच्या फाइलमध्ये नको. सायकली मुळात कुठे लावतात त्याचाही एक लेयर कर, नाहीतर तुझा मॅप फक्त सायकल स्टँड दाखवेल. आणि पहिले पाच हॉटस्पॉट निघाले की तिथे चालत जा, शक्यतो चोऱ्या होतात त्याच वेळेला, सोबत कुणालातरी घेऊन, आणि बघ की सायकल बांधायला खांब तरी आहे का.