डॉक्युमेंटरी शूट करणाऱ्या कॅमेरामनला फीचर फिल्म जमते का?

तुम्ही विचारलंय, पाच वर्षं डॉक्युमेंटरी केल्यावर फीचरकडे वळता येतं का, की शिक्का बसतो. वळता येतं. शिक्काही बसतो.

मला तो 2011 साली अंधेरीत बसला. एका डीओपीने, म्हणजे फिल्मच्या मुख्य कॅमेरामनने, माझी शोरील (केलेल्या कामातले निवडक तुकडे) दोन मिनिटं पाहिली आणि म्हणाला, "तुम्हा डॉक्युमेंटरीवाल्यांना लायटिंग येत नाही. समोर दिसेल ते टिपता." शोरीलमध्ये ग्रामीण रुग्णालयातली एक बाई होती. नवऱ्याला आत नेल्यावर तिने त्याच्या चपला उचलल्या आणि पोटाशी धरून बसली. खिडकीतला उजेड तिच्या हातांपर्यंतच पोचत होता, म्हणून मी चेहरा सोडून हातांवर गेलो. हे लायटिंग नाही, तर काय आहे?

तेव्हा मला यात्सेक पेत्रित्स्कीचं नाव घ्यायला सुचलं नाही, याची आजही चुटपुट आहे. वूच शहरातल्या फिल्म स्कूलमधून आलेला हा पोलिश कॅमेरामन. दिग्दर्शक किश्लोव्स्कीची 'हॉस्पिटल' (1976) ही डॉक्युमेंटरी त्याने शूट केली. वॉर्सातले हाडांचे डॉक्टर, सलग 32 तासांची ड्यूटी. ऐन ऑपरेशनमध्ये हातोडा मोडतो आणि कॅमेरा नेमका तिथे असतो. तासन्‌तास उभं राहिल्याशिवाय असं काही हाती लागत नाही. तीन वर्षांनी किश्लोव्स्कीचीच 'कॅमेरा बफ' ही फीचर फिल्म त्याने केली. तान्ह्या मुलीला टिपायला 8 मिमीचा कॅमेरा घेणारा कामगार शेवटी तोच कॅमेरा स्वतःकडे वळवतो. मग दिग्दर्शक बुगाय्स्कीची 'इंटरोगेशन' (1982). जवळजवळ सगळी फिल्म कोठडीत आणि चौकशीच्या खोलीत. तिच्यावर बंदी आली, ती 1989 मध्ये सुटली आणि 1990 मध्ये क्रिस्टिना यांडाला कानमध्ये अभिनेत्रीचं पारितोषिक मिळालं. त्याच वर्षी दिग्दर्शिका आग्निएश्का हॉलंडची 'युरोपा युरोपा' आली, कॅमेरा त्याचाच. मधे 1980 ची 'टॉकिंग हेड्स', म्हणजे पुन्हा डॉक्युमेंटरी. ज्याला दोन मिनिटांत निकाल द्यायचाय, त्याने हे सगळं ओळीने बघावं.

आता एक सांगायला हवं. तिकडे तेव्हा सरकारी पैशांवर चालणारी फिल्म युनिट्स होती, आपल्याकडे घरभाडं आपणच भरायचं असतं. आणि दिवे लावायला शिकावं लागतंच. एखाद्या चांगल्या गॅफरच्या, म्हणजे सेटवर दिवे सांभाळणाऱ्या प्रमुखाच्या, हाताखाली सहा महिने काढा.

शोरील कुणी दोन मिनिटांत बंद केली तर लॅपटॉप उचला आणि निघा. मी तिथे अर्धा तास सफाई देत बसलो होतो.